कार्ड भरण्यापासून सर्व्हरपर्यंत : ऊर्जानगर परिसरातील मोबाइल खेळांचा इतिहास

ऊर्जानगर म्हणजे चंद्रपूर शहराला लागून, ताडोब्याकडे जाणाऱ्या रस्त्यावर, दुर्गापूरच्या कोळसा खाणींच्या शेजारी वसवलेली वीज केंद्राची वसाहत. चंद्रपूर महाऔष्णिक विद्युत केंद्राचा २१० मेगावॉटचा पहिला संच १९८३ मध्ये सुरू झाला; १९९७ पर्यंत संचांची संख्या सातवर आणि एकूण क्षमता २,३४० मेगावॉटवर गेली, आणि या संचांवर पाळीने काम करणारे अभियंते, तंत्रज्ञ, कारकून व त्यांची कुटुंबे यांच्यासाठी बांधलेल्या क्वार्टरांचे एक स्वतंत्र गावच उभे राहिले. कोराडी, खापरखेडा, पारस, परळी, भुसावळजवळचे दीपनगर, नाशिकजवळचे एकलहरे अशा विद्युत मंडळाच्या इतर वसाहतींमधून बदलीवर येणारी-जाणारी माणसे, ठरल्या तारखेला होणारा पगार आणि घरातली वीज या तीन गोष्टींमुळे ऊर्जानगर भोवतालच्या मुलखापेक्षा वेगळे राहिले. त्याच मुलखाचे दुसरे टोक म्हणजे १९८२ मध्ये चंद्रपूरपासून वेगळा झालेला गडचिरोली जिल्हा आणि त्यातील एटापल्ली, भामरागडसारखे तालुके, जेथे मोबाइलचा टॉवर हीच कालपरवापर्यंत नवलाईची गोष्ट होती. एकाच जंगलपट्ट्यातील या दोन टोकांमुळे मोबाइलवरील खेळांच्या इतिहासातील एक गोष्ट येथे जितकी स्पष्ट दिसते तितकी पुण्या-मुंबईत दिसत नाही : खेळ कोणता होता यापेक्षा तो हातात कोणत्या वाटेने आला यावरच तो कसा खेळला जाईल, कोणाबरोबर खेळला जाईल आणि शेवटी कोणाच्या ताब्यात राहील हे ठरत गेले.

मोबाइल येण्यापूर्वी वसाहतीच्या घरांत पडद्यावरचा खेळ अगदीच अनोळखी नव्हता. १९९० च्या दशकात महाराष्ट्रातील मध्यमवर्गीय घरांप्रमाणे येथेही टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेम आणि हातात धरून खेळायचा, ठोकळे रचण्याचा ‘ब्रिक गेम’ आला होता. व्हिडिओ गेमच्या ज्या डबीला मुले ‘कॅसेट’ म्हणत तिच्यात फीत नसून चिप असे, पण नाव कॅसेटचेच राहिले आणि रीतही कॅसेटचीच राहिली. म्हणजे एकाने आणायची, दुसऱ्याने मागून न्यायची, आणि उन्हाळ्याच्या सुट्टीत, चंद्रपूरचा पारा पंचेचाळीस अंशांच्या वर जाऊन दुपारचे रस्ते ओस पडले की चार घरची मुले एका कूलरपुढे बसायची. खेळाची वस्तू ही हातोहात फिरणारी गोष्ट असते, हा समज पुढच्या काळातही टिकला, आणि त्याचे मूळ याच कॅसेटच्या देवघेवीत शोधावे लागते.

भारतातील पहिला मोबाइल संवाद ३१ जुलै १९९५ रोजी कोलकाता आणि दिल्ली यांच्यात झाला, परंतु विदर्भाच्या पूर्व टोकाला मोबाइल ही सर्वसामान्यांची वस्तू होण्यास आणखी सात-आठ वर्षे जावी लागली. ऑक्टोबर २००२ मध्ये भारत संचार निगमने आपली मोबाइल सेवा सुरू केली, डिसेंबरात रिलायन्सची सेवा आली, पुढल्या पावसाळ्यात रिलायन्सने ५०१ रुपये भरून फोन देण्याची योजना काढली, आणि २००३ मध्येच इन्कमिंग मोफत झाले, म्हणजे आलेला कॉल घेण्याचे पैसे द्यावे लागणे बंद झाले. याच वर्षी नोकियाचा ११०० हा फोन बाजारात आला. टॉर्च, धूळ आत जाऊ न देणारा कळफलक आणि अनेक दिवस टिकणारी बॅटरी ही त्याची वैशिष्ट्ये होती, आणि जगभरात २५ कोटींहून अधिक विकल्या गेलेल्या या फोनमध्ये दोन खेळ आयतेच भरलेले असत. त्यातला एक अर्थातच साप. हा खेळ तानेली अरमांतो या फिनलंडच्या अभियंत्याने नोकियाच्या १९९७ सालच्या ६११० या फोनसाठी लिहिला होता. त्या पहिल्या फोनवरही दोन फोन समोरासमोर धरून, इन्फ्रारेड म्हणजे डोळ्यांना न दिसणाऱ्या प्रकाशाच्या आधारे, दोघांना मिळून साप खेळता येत असे. पण या सोयीचा भारतात फारसा उपयोग झाला नाही, कारण एका घरात मुळात एकच फोन असे आणि तो वडिलांच्या खिशात असे.

साप मिळवावा लागत नसे, ही त्याची खरी खूण. तो फोनबरोबर येई, त्याला नेट लागत नसे, बॅलन्स लागत नसे, आणि फोन चालू असेपर्यंत तो कोणाला काढून घेता येत नसे. पाळी संपवून आलेल्या माणसाने फोन खाटेवर ठेवला की तो मुलाच्या हातात जाई आणि पुढचा कॉल येईपर्यंत तेथेच राही. उच्चांकही फोनचाच असे, खेळणाऱ्याचा नसे. बाप, लेक आणि पाहुणा या तिघांचे गुण एकाच यादीत पडत, आणि कोणते गुण कोणाचे हे फक्त घरच्यांना ठाऊक असे. खेळणाऱ्याची ओळख कोणीही न विचारणारा असा हा टप्पा होता.

दुसरी वाट मोबाइल कंपन्यांनी बांधली. मुंबईत १९९९ मध्ये विशाल गोंडल यांची इंडियागेम्स आणि नितीश मित्तरसैन यांची नझारा या कंपन्या सुरू झाल्या होत्या आणि रंगीत पडद्याचे फोन येताच त्यांच्यासारख्या कंपन्यांचे खेळ मोबाइल कंपन्यांच्या दालनांतून विकले जाऊ लागले. दालन म्हणजे फोनवर उघडणारे, कंपनीच्याच ताब्यातले छोटे इंटरनेट पान. रिलायन्सच्या फोनवर त्याचे नाव ‘आर वर्ल्ड’ असे होते. एका ठरावीक क्रमांकावर एसएमएस पाठवायचा, उत्तरादाखल एक दुवा येई, तो उघडला की खेळ फोनवर उतरे आणि बॅलन्समधून पैसे कापले जात. कागदावर सुबक असलेली ही व्यवस्था प्रीपेड ग्राहकाच्या हिशेबात बसत नव्हती. त्या काळी नेटचा नेहमीचा दर दहा किलोबाइटना दहा पैसे असा असे, म्हणजे तीनशे किलोबाइटच्या खेळासाठी खेळाच्या किमतीवर आणखी तीन रुपये जात, आणि मध्येच रेंज गेली तर पैसे कापले जाऊन खेळ अर्धवट राही. (याच दराने आजच्या एक जीबीचे दहा हजारांहून अधिक रुपये झाले असते.) शिवाय असा विकत घेतलेला खेळ बहुधा कुलूपबंद असे; तो घेतलेल्या फोनवरच चाले, दुसऱ्याला पाठवू गेल्यास फोन नकार देई. त्यातच न मागितलेल्या सेवा आपोआप चालू होऊन बॅलन्स कापला जाण्याच्या तक्रारी देशभर इतक्या वाढल्या की दूरसंचार नियामक प्राधिकरणाला, म्हणजे ट्रायला, ग्राहकाची दोनदा संमती घेतल्याखेरीज अशी सेवा सुरू करू नये असे बंधन घालावे लागले. मोबाइलवरून आलेल्या अनोळखी दुव्याला हात लावू नये, ही आजही घराघरांत दिली जाणारी ताकीद त्याच दिवसांतली आहे.

कंपन्यांच्या दालनांना खऱ्या अर्थाने हरवले ते बाजारातील मोबाइल दुकानांनी. चंद्रपुरात जटपुरा गेट ते गांधी चौक या बाजारपेठेत, ऊर्जानगर-दुर्गापूरच्या नाक्यांवर, मूल, बल्लारपूर, गडचिरोलीच्या बसस्थानकांसमोर रिचार्ज मारून देणारी जी दुकाने २००५ नंतर उभी राहिली, त्यांच्या काचेवर ‘डाउनलोडिंग करून मिळेल’ अशी एक पाटी हमखास असे. बोलीत या कामाला ‘कार्ड भरणे’ म्हणत. फोनमध्ये नखाएवढे मेमरी कार्ड असे, बहुतेक फोनांत ते बॅटरीखाली दडलेले असे. दुकानदार मागचे झाकण काढून, बॅटरी उचकटून ते बाहेर काढी, कार्ड रीडर नावाच्या छोट्या खोबणीत घालून संगणकाला जोडी, आणि ‘नवीन हिंदी’, ‘मराठी’, ‘भजन’, ‘डीजे’ या फोल्डरांशेजारचा ‘गेम’ नावाचा फोल्डर उघडी. त्या फोल्डरात पुन्हा आकड्यांची नावे असलेले फोल्डर असत : १२८ गुणिले १६०, १७६ गुणिले २०८, २४० गुणिले ३२०. हे आकडे फोनच्या पडद्यावरील ठिपक्यांचे, आणि अनुभवी दुकानदाराला गिऱ्हाइकाचा फोन पाहताच कोणता आकडा लागेल हे कळे. आकडा चुकला तर खेळ पडद्याच्या एका कोपऱ्यात आकसून दिसे किंवा त्याची खालची पट्टी कापली जाई, आणि मुलगा दुसऱ्या दिवशी कार्ड घेऊन परत येई. दहा-वीस रुपयांपासून पन्नासांपर्यंत जो काही दर ठरे त्यात गाणी मुख्य असत आणि खेळ वर फुकटात मिळत.

या फोल्डरांत जे असे त्याला ‘जावा गेम’ म्हणत. जावा ही एक संगणकभाषा. वेगवेगळ्या कंपन्यांच्या फोनांवर एकच प्रोग्राम चालावा म्हणून तिची एक आटोपशीर आवृत्ती तयार करण्यात आली होती आणि तिच्यात लिहिलेला सबंध खेळ ‘जार’ प्रकारच्या एका फाइलमध्ये मावत असे. सुरुवातीच्या काही नोकिया फोनांवर तर अशा फाइलला ६४ किलोबाइटची मर्यादा होती. खेळ एका फाइलमध्ये मावणे ही तांत्रिक बाब वरकरणी क्षुल्लक वाटते, पण पुढचे सारे तिच्यावर उभे राहिले : जे एका फाइलमध्ये मावते ते नकलता येते, आणि जे नकलता येते ते गावभर होते. दुकानदार हा माल नागपूरच्या सीताबर्डीहून आणलेल्या डिस्कवरून, दुसऱ्या दुकानदाराच्या पेनड्राइव्हवरून किंवा फुकट फाइली देणाऱ्या संकेतस्थळांवरून गोळा करी. कायद्याच्या दृष्टीने ही उघड चोरी होती, कारण खेळ बनवणाऱ्याला यातून छदामही मिळत नसे. तरीही पूर्व विदर्भात मोबाइल खेळाचा प्रसार कोणी केला असे विचारले, तर त्याचे प्रामाणिक उत्तर कार्ड भरणारा दुकानदार हेच आहे. या धंद्याने ना वही ठेवली ना पावती, आणि संगणक बिघडला किंवा व्हायरसने सारे फोल्डर शॉर्टकट करून टाकले की दुकानाचे सारे ग्रंथालय एका दुपारी नाहीसे होई.

दुकानातून निघालेला खेळ पुढे ब्लूटूथने फिरे. ब्लूटूथ ही जवळच्या दोन फोनांना बिनतारी जोडणारी व्यवस्था. तीनशे किलोबाइटची फाइल तिच्यावरून काही सेकंदांत जाई आणि त्याला पैसा पडत नसे. त्यासाठी दोघांना एकमेकांजवळ दहा-वीस पावलांच्या आत असावे मात्र लागे, आणि येथेच या वाटेचे सामाजिक रूप घडले. शाळेच्या बाकावर, क्वार्टरांमधल्या कट्ट्यावर, लग्नघरी किंवा बसमध्ये खेळ देणारा आणि घेणारा समोरासमोर असत. कोणाकडे काय आहे याची बातमी आधी तोंडी फिरे आणि मग फाइल फिरे. मूळ जार फाइल जपून ठेवणाऱ्या मुलाला मान असे, कारण काही फोनांत खेळ एकदा बसवला की तो पुढे पाठवता येत नसे. दोन, चार, सहा, आठ या कळांनी दिशा आणि पाचने वार किंवा उडी, एवढे शिकवून देणेही या देण्यातच येई. बदली होऊन परळीला किंवा भुसावळला गेलेल्या कुटुंबाबरोबर वसाहतीचा एखादा खेळ दुसऱ्या वसाहतीत जाई.

या काळातील वीजटंचाईचा उल्लेख टाळता येणार नाही. जून २००५ मध्ये विद्युत मंडळाचे विभाजन होऊन निर्मिती महानिर्मितीकडे, वहन महापारेषणकडे आणि वितरण महावितरणकडे गेले, आणि नेमकी तीच वर्षे ग्रामीण महाराष्ट्रातील कडक भारनियमनाची, म्हणजे ठरवून वीज बंद ठेवण्याची होती. चंद्रपूरची वीज १९९९ पासून सुमारे साडेसातशे किलोमीटर लांबीच्या उच्चदाब वाहिनीवरून थेट कल्याणजवळच्या पडघ्याला जात होती, वीज केंद्राच्या वसाहतीला भारनियमनाची झळ बाहेरच्या खेड्यांइतकी लागत नव्हती, आणि त्याच केंद्राच्या धुराड्यांच्या दृष्टिपथातील गावे मात्र तासन्‌तास अंधारात असत. विदर्भात हा विषय नेहमी सिंचनाच्या आणि प्रदूषणाच्या संदर्भात बोलला गेला व ते रास्तच आहे. पण फोनच्या निवडीवरही त्याचा परिणाम झाला. चार्जिंग टिकणे हा गुण खेळाच्या देखणेपणापेक्षा वरचढ ठरला. मायक्रोमॅक्सने २००८ मध्ये काढलेल्या एक्स-वन-आय या फोनची सारी जाहिरातच तीस दिवस टिकणाऱ्या बॅटरीवर होती. त्याच सुमारास मोठा पडदा, दोन सिम आणि कर्कश स्पीकर असलेले स्वस्त चिनी फोन आले. त्यांतील अनेकांना आयएमईआय, म्हणजे प्रत्येक फोनला असावा लागणारा ओळखक्रमांक, नव्हता आणि सुरक्षेच्या कारणावरून १ डिसेंबर २००९ पासून असे फोन बंद करण्यात आले. जुन्या फोनला नवा क्रमांक बसवून देणाऱ्या दुकानांपुढे तेव्हा रांगा लागल्या.

स्मार्टफोनने या व्यवस्थेची मांडणी उलटी केली, पण एका दिवसात नव्हे. अ‍ॅपलचे ऑनलाइन दुकान जुलै २००८ मध्ये आणि अँड्रॉइडचे त्याच वर्षी ऑक्टोबरात उघडले. अँड्रॉइडच्या दुकानाला मार्च २०१२ मध्ये गुगल प्ले हे नाव मिळाले. फिनलंडच्या रोव्हिओचे अँग्री बर्ड्स, मग टेंपल रन, मग सबवे सर्फर्स हे खेळ चंद्रपूरच्या स्वस्त अँड्रॉइड फोनांवर २०१२-१३ पासून दिसू लागले, तरी ते गुगलच्या दुकानातून उतरवले जात होते असे मानणे चुकीचे ठरेल. गुगलचे दुकान उघडण्यास ईमेल खाते लागे, खेळ उतरवण्यास टूजीपेक्षा बरे नेट लागे आणि विकतचा खेळ घेण्यास क्रेडिट कार्ड लागे. यांपैकी एक गोष्ट ज्यांच्याकडे होती त्यांच्याकडे दुसरी नसे. भारतातील विकतच्या अ‍ॅपची किमान किंमत गुगलने २०१५ मध्ये पन्नास रुपयांवरून दहावर आणली, पण दहा रुपये द्यायचे कसे हा प्रश्न यूपीआय येऊन अंगवळणी पडेपर्यंत शिल्लकच होता. साहजिकच जुन्या दुकानदाराने जुनेच काम नव्या मालाने चालू ठेवले. जारची जागा एपीके या फाइलने घेतली आणि मोठ्या खेळांबरोबर ओबीबी नावाचा चित्रे-आवाजांचा आणखी एक गठ्ठा येऊ लागला, जो फोनमधील ‘अँड्रॉइड’ फोल्डराच्या आत ‘ओबीबी’ फोल्डरात, नेमक्या नावाने ठेवला नाही तर खेळ उघडतच नसे. ब्लूटूथला हे ओझे पेलवेना, तेव्हा शेअरइट आणि झेंडर ही अ‍ॅपे आली. ती एका फोनचे वाय-फाय दुसऱ्याला जोडून शेकडो मेगाबाइट काही मिनिटांत, एक पैशाचे नेट न वापरता, पोहोचवीत.

५ सप्टेंबर २०१६ रोजी जिओची सेवा सुरू झाली आणि या साऱ्या कसबाची गरजच संपली. त्यापूर्वी महिन्याला एक जीबी जपून वापरणाऱ्या घरांना दिवसाला एक जीबी मिळू लागला, आणि दुकानाच्या काचेवरील ‘डाउनलोडिंग’ची पाटी फिकट होत होत निघाली. त्याच वर्षी नवी मुंबईच्या गेमशन या कंपनीने, विकाश जयस्वाल यांच्या पुढाकाराने, लुडो किंग काढला. पट-सोंगट्या आणि अष्टचंगपे यांच्या कुळातला हा खेळ एकाच फोनवर चौघांना फिरवून खेळता येई आणि दूरच्या चौघांना नेटवरूनही खेळता येई. जुन्या, जवळ बसून खेळण्याच्या रीतीला जागा ठेवणारा तो बहुधा शेवटचा लोकप्रिय खेळ होय. मार्च २०१८ मध्ये आलेल्या पबजी मोबाइलने ती जागा ठेवली नाही. शंभर अनोळखी खेळाडू एका बेटावर उतरतात आणि शेवटी एकजण किंवा एक चमू उरतो, असा हा खेळ. त्याला सुमारे दोन जीबी जागा, दोन जीबी रॅम आणि अखंड नेट लागे. त्यातला सामना फोनवर नव्हे तर दूरच्या सर्व्हरवर, म्हणजे कंपनीच्या मोठ्या संगणकांवर चाले, आणि फोन ही त्या सर्व्हरकडे पाहण्याची खिडकी उरली. वीज केंद्राच्या वसाहतीत हा फरक समजावून सांगण्यास अडचण पडू नये : आतापर्यंत खेळ हा घरात साठवता येणाऱ्या कोळशासारखा होता, आता तो वाहिनीतून येणाऱ्या विजेसारखा झाला, आणि वाहिनीचा खटका दुसऱ्याच्या हाती गेला.

तो खटका लवकरच दाबला गेला. २५ मार्च २०२० पासूनच्या टाळेबंदीत शाळा फोनवर आल्या, ज्या घरांत मुलाच्या हाती फोन देणे निषिद्ध होते तेथेही तो अभ्यासासाठी द्यावा लागला, आणि त्याच फोनवर दुपारनंतर पबजी किंवा, फोन हलका असेल तर, कमी रॅमवरही चालणारा फ्री फायर उघडू लागला. गलवान खोऱ्यात चिनी सैन्याशी झालेल्या चकमकीनंतर केंद्र सरकारने २९ जून रोजी ५९ चिनी अ‍ॅपांवर बंदी घातली, त्यांत शेअरइट आणि झेंडर होती. २ सप्टेंबरला आणखी ११८ अ‍ॅपे बंद झाली, त्यांत पबजी होता. एपीके आणि ओबीबीची जुनी विद्या जाणणाऱ्यांनी पबजीच्या फाइली काही आठवडे फिरवल्या, परंतु ३० ऑक्टोबरला भारतातील सर्व्हरच बंद झाले आणि फोनमध्ये असलेली दोन जीबीची फाइल निरुपयोगी ठरली. पुढे दक्षिण कोरियाच्या क्राफ्टन कंपनीने जुलै २०२१ मध्ये हाच खेळ बीजीएमआय या नावाने आणला, जुलै २०२२ मध्ये तो दुकानांतून काढला गेला, मे २०२३ मध्ये परत आला. फ्री फायरवर फेब्रुवारी २०२२ मध्ये बंदी आली, पण त्याची मॅक्स ही आवृत्ती चालू राहिली. कोणत्या वर्षी कोणता खेळ चालू होता याची ही सनावळी आज विशी-पंचविशीत असलेल्या पिढीला एखाद्या राजवंशाच्या वंशावळीपेक्षा अधिक पाठ आहे.

मुले मैदान सोडून फोनला चिकटली, ही तक्रार याच काळात सर्वत्र झाली आणि ती खोटी नाही. पण ऊर्जानगरपुरते त्यात आणखी एक कारण मिसळलेले आहे. वीज केंद्राचा परिसर ताडोब्याच्या जंगलाला इतका लागून आहे की वाघ आणि बिबटे झुडपांतून वस्तीपर्यंत येतात. फेब्रुवारी २०२२ मध्ये केंद्राच्या आवारात वाघाच्या हल्ल्यात एक कामगार आणि दुर्गापुरात बिबट्याच्या हल्ल्यात एक मुलगा दगावला. अंधार पडण्यापूर्वी मुलांना घरात बोलावणाऱ्या आईबापांना अशा वेळी फोन हा दोन संकटांतला लहान वाटला असेल, तर त्यांना दोष देणे कठीण आहे.

चंद्रपूरहून पूर्वेकडे सरकावे तसा हा कालक्रम मागे जातो. गडचिरोलीच्या दक्षिण तालुक्यांत टॉवर उभारणे हे अंतर, जंगल आणि माओवादी हिंसा या तिहेरी अडचणीचे काम होते. टॉवर जाळल्याच्या घटना तेथे वारंवार घडल्या. नक्षलग्रस्त भागांसाठीच्या केंद्राच्या योजनेतून भारत संचार निगमचे जे टॉवर उभे राहिले ते टूजीचे होते, आणि देशभरातील अशा २,३४३ टॉवरांना फोरजीत बदलण्यास मंत्रिमंडळाची मंजुरी एप्रिल २०२२ मध्ये मिळाली. टूजीवर सेकंदाला शंभर किलोबिटचा वेग सलग मिळाला असे धरले तरी एक जीबी उतरण्यास बावीस तासांहून अधिक लागतात. म्हणजे ऊर्जानगरात मुले थेट सर्व्हरवर लढत असताना टूजीच्या छायेतील गावात नेटवरून मोठा खेळ मिळवणे ही कल्पनाच व्यवहारात नव्हती. जेथे टॉवर पकडण्यासाठी टेकडीवर जावे लागते तेथे तालुक्याच्या बाजारातून भरून आणलेले कार्ड आणि एका फोनमधून दुसऱ्यात दिलेली फाइल हीच व्यवस्था असते, आणि तिच्यावर चालतात ते नेटविना चालणारे खेळ. शहरात मागे पडलेली रीत खेड्यात उरते, असे लोककलांविषयी म्हटले जाते ते येथे यंत्रांनाही लागू पडलेले दिसते. मात्र तेथे ती आवडीने टिकलेली नाही, दुसरा मार्ग नाही म्हणून टिकली आहे.

खेळावर पैसा लावण्याची वाट सर्वांत उशिरा आणि सर्वांत वेगाने आली. रमी आणि काल्पनिक क्रिकेटसंघाचे खेळ हे कौशल्याचे असल्याने जुगारात मोडत नाहीत, या युक्तिवादावर तो धंदा वाढला. मुंबईतच २००८ मध्ये सुरू झालेली ड्रीम इलेव्हन ही त्यातली सर्वांत मोठी कंपनी होती. ऑक्टोबर २०२३ पासून लावलेल्या पूर्ण रकमेवर २८ टक्के जीएसटी आला, तरी ओघ थांबला नाही, कारण येथे खेळ शोधत जावे लागत नव्हते. दुसऱ्या कोणत्याही अ‍ॅपमध्ये जाहिरात होऊन तोच पुढे येत होता. जुलै २०२५ मध्ये विधान परिषदेच्या सभागृहात राज्याच्या कृषिमंत्र्यांच्या मोबाइलवर रमी दिसत असल्याची चित्रफीत पसरली, तेव्हा आपण खेळत नव्हतो, आलेली जाहिरात बंद करत होतो, असा खुलासा मंत्र्यांनी केला. तो खरा मानावा की नाही हा राजकारणाचा भाग, पण तो कोणालाच तांत्रिकदृष्ट्या अशक्य वाटला नाही, यातच या वाटेचे स्वरूप आले. महिनाअखेर त्या मंत्र्यांकडे कृषी खात्याऐवजी क्रीडा खाते सोपवण्यात आले. २२ ऑगस्ट २०२५ रोजी राष्ट्रपतींची संमती मिळालेल्या ऑनलाइन गेमिंगविषयक केंद्रीय कायद्याने पैसे लावून खेळायच्या सर्व ऑनलाइन खेळांना, कौशल्याचे असोत वा नशिबाचे, मनाई केली. असा खेळ चालवणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक कोटी रुपयांपर्यंत दंड ठेवला, आणि ई-स्पोर्ट्स, म्हणजे स्पर्धात्मक संगणकीय क्रीडा, तसेच पैसे न लावता खेळायचे खेळ यांना मात्र मोकळीक दिली. खेळणाऱ्याला या कायद्यात शिक्षा नाही.

या इतिहासाची साधने शोधू जाता एक विपरीत गोष्ट समोर येते. कार्ड भरणाऱ्यांनी नकलून नकलून पसरवलेल्या जार फाइली आजही जुन्या कार्डांवर आणि इंटरनेटवरील संग्रहांत सापडतात, आणि ‘जे-टू-एमई लोडर’सारखे अ‍ॅप अँड्रॉइड फोनवर टाकले की २००६ सालचा खेळ, पडद्यावरच उमटलेल्या आकड्यांच्या कळा दाबून, जसाच्या तसा खेळता येतो. २०१८ सालचा पबजी, ज्या रूपात तो ऊर्जानगरच्या क्वार्टरांत पहिल्यांदा उघडला गेला त्या रूपात, आता कोठेही खेळता येत नाही. त्याची फाइल मिळाली तरी ती ज्या सर्व्हरला हाक मारते तो सर्व्हर उत्तर देत नाही.